कागदाचे नाटक

क्योतो शहराच्या दक्षिण भागात तोजी नावाचे एक फार जुने देऊळ आहे. इ. स. 796 मध्ये त्याची स्थापना झाली. त्याचा पाच मजली लाकडी मनोरा दूरवरून दिसतो. एवढा उंच लाकडी मनोरा जपानात दुसरा नाही. दर महिन्याच्या 21 तारखेला या देवळाच्या आवारात मोठा बाजार भरतो. जुनी वस्त्रे, मातीची भांडी, लोणची, फुलझाडांची रोपे, गंजलेली हत्यारे, कोणाच्या तरी आजोबांची बंद पडलेली घड्याळे, असे सारे काही तेथे मांडलेले असते. 2015 सालच्या नोव्हेंबर महिन्यात, एका शनिवारी, मी त्या बाजारात हिंडत होतो. बरोबर माझ्या परिचयाच्या एक वृद्ध जपानी बाई होत्या. त्यांनी सारा जन्म शाळेत शिकविण्यात घालविला होता, आणि इंग्रजी उत्तम येत असल्यामुळे मला सारे समजावून सांगण्याचे काम त्यांनी आपण होऊन पत्करले होते. मला त्या एखाद्या मंदबुद्धी पण होतकरू विद्यार्थ्यासारखे वागवीत. त्याचे मला कधी वाईट वाटले नाही.

एका चहाच्या भांड्याची किंमत त्या करीत असतानाच कोठून तरी आवाज आला : टक्, टक्, टक्, आणि मग टक्टक्टक्टक् असा एकमेकांत मिसळलेला. लाकडावर लाकूड आपटल्याचा तो आवाज होता. बाईंनी हातातले भांडे खाली ठेवले. त्यांच्या मुद्रेवर असा काही भाव उमटला की, मला वाटले, कोणीतरी त्यांना त्यांच्या लहानपणीच्या नावाने हाक मारली असावी. ‘चला,’ एवढेच म्हणून त्या गर्दीतून इतक्या त्वरेने निघाल्या की मला त्यांच्यामागून जवळजवळ धावावे लागले.

एका झाडाखाली एक जुनी सायकल उभी होती. तिच्या मागच्या बैठकीवर लाकडी पेटी घट्ट बांधलेली होती. पेटीला खालच्या बाजूस खण होते. वरचा भाग उघडला की त्याची एक चौकट होई, रंगभूमीच्या दर्शनी भागासारखी. सायकलीशेजारी टोपी घातलेला एक मध्यम वयाचा गृहस्थ लाकडाचे दोन चौकोनी तुकडे एकमेकांवर आपटीत उभा होता. या तुकड्यांना ह्योशिगी म्हणतात. मुले जमली. त्याने खालच्या खणातून मिझुआमे नावाचा चिकट गोड पाक काढला आणि दोन काड्यांना गुंडाळून एकेका मुलाच्या हाती दिला. तो पाक दोन काड्यांनी घोटीत राहिले म्हणजे हळूहळू पांढरा होतो. मुले घोटू लागली, त्याने चौकटीत पहिले चित्र सरकविले, आणि कथा सुरू झाली.

या खेळाला जपानात ‘कामिशिबाई’ म्हणतात. कामि म्हणजे कागद आणि शिबाई म्हणजे नाटक. जाड कागदावर रंगविलेली चित्रे एकामागून एक चौकटीत ठेवलेली असतात. पुढचे चित्र बाजूला ओढून काढले की त्यामागचे आपोआप दिसू लागते. काढलेले चित्र सर्वांच्या मागे घालतात. त्यामुळे त्याची पाठ कथा सांगणाऱ्यासमोर येते, आणि त्या पाठीवर प्रेक्षकांना आता दिसत असलेल्या चित्राची हकीकत लिहिलेली असते. मला या साध्या युक्तीची मोठी मौज वाटली. तथापि या गृहस्थाने त्या मजकुराकडे एकदाही पाहिले नाही. तो पाहत होता मुलांच्या तोंडांकडे. एखादे चित्र तो झटकन ओढी, एखादे इंचाइंचाने. एक लहान मुलगी भिऊन भावाच्या पाठीमागे लपली, तेव्हा समुद्रातल्या वादळाची त्याची गर्जना अर्ध्यावरच मवाळ झाली, आणि ती मुलगी पुन्हा डोकावू लागली तेव्हा ती पुन्हा चढत गेली.

गोष्ट एका कोळ्याच्या मुलाची होती. बाप समुद्रावर गेलेला, वादळ उठलेले, गावातले दिवे विझलेले. मुलगा मशाल घेऊन कड्यावर चढतो. वारा मशाल विझवू पाहतो. आणि मुलाला खाली, अंधाऱ्या लाटांत, काहीतरी दिसते... टक्! ह्योशिगी वाजल्या, चौकटीची दारे बंद झाली. ‘पुढची कथा तीन वाजता,’ असे जाहीर करून तो गृहस्थ डबा उघडून जेवावयास बसला. मुलांनी एकच ओरडा केला. मला जपानी येत नाही; पण त्या ओरडण्याचा अर्थ लावण्यास भाषेची गरज नव्हती.

तीन वाजावयास दोन तास होते. आम्ही देवळाच्या पायरीवर बसलो आणि बाईंनी मला या कागदाच्या नाटकाचा इतिहास सांगितला.

त्याचे मूळ शोधावयाचे तर मूक चित्रपटांच्या काळात जावे लागते. त्या काळी जपानी चित्रपटगृहात पडद्याच्या बाजूस एक मनुष्य उभा राही. त्याला बेन्शी म्हणत. पडद्यावरील मुकी माणसे काय बोलत आहेत, का रडत आहेत, हे तो आपल्या आवाजात सांगे. एकच मनुष्य राजाही होई आणि दासीही. नामांकित बेन्शींची कीर्ती नटांहूनही मोठी असे; अमुक चित्रपट आहे म्हणून नव्हे, तर अमुक बेन्शी सांगणार आहे म्हणून लोक तिकीट काढीत. पुढे चित्रपट स्वतःच बोलू लागले. 1931 साली जपानचा पहिला पूर्ण बोलपट आला आणि या मंडळींच्या पोटावर पाय आला. 1932 मध्ये त्यांनी संप केले. अकिरा कुरोसावा हे पुढे जगप्रसिद्ध झालेले दिग्दर्शक. त्यांचा थोरला भाऊ हेइगो हा बेन्शी होता आणि अशा संपाच्या पुढाऱ्यांपैकी एक होता. संपाने काही साधले नाही. पुढच्याच वर्षी हेइगो ऐन तारुण्यात वारला. धाकट्या अकिराला चित्रपटांची गोडी लावणारा तोच. ही हकीकत सांगताना बाई क्षणभर थांबल्या होत्या.

तो काळ जगभर मंदीचा होता. हजारो लोक बेकार झाले होते. त्यांतल्या कित्येकांनी, काही बेन्शींनीसुद्धा, भाड्याची सायकल आणि भाड्याची पेटी घेतली आणि टोकियोच्या गल्ल्यांतून ह्योशिगी वाजवीत फिरू लागले. चित्रेही भाड्याचीच असत. ती देणारे व्यापारी चित्रकारांकडून रोज नवा भाग काढून घेत. प्रत्येक चित्र हाताने रंगविलेले, त्याची दुसरी प्रत नाही. आज जे भाग एका वस्तीत दाखविले तेच उद्या दुसऱ्या सायकलवाल्याकडे जावयाचे. पावसात भिजू नयेत म्हणून त्यांवर रोगण चढवीत. खेळाला तिकीट नसे. पोट चाले ते मिठाईच्या विक्रीवर. म्हणून कथा अगदी नेमक्या जागी तोडावयाची, की उद्या मूल पुन्हा आलेच पाहिजे.

याच गल्ल्यांत 1930 च्या सुमारास ‘ओगोन बात्तो’, म्हणजे सोनेरी वटवाघूळ, या नावाचा एक वीर जन्माला आला. कवटीसारखे तोंड, अंगावर फडफडणारा झगा, आणि काम मात्र दुबळ्यांना वाचविण्याचे. अमेरिकेतला सुपरमॅन पहिल्यांदा छापला गेला तो 1938 साली. आकाशातून उडत येऊन संकटात धावणारा वीर त्यापूर्वीच टोकियोतल्या पोरांनी सायकलीच्या मागच्या बैठकीवर पाहिलेला होता. त्याची चित्रे काढणारा नागामात्सु ताकेओ तेव्हा स्वतःच कोवळा पोरगा होता.

मी म्हणालो, ‘किती निरागस करमणूक!’

बाईंनी माझ्याकडे पाहिले. वर्गात चुकीचे उत्तर देणाऱ्या मुलाकडे पाहावे तसे. ‘निरागस काहीच नसते,’ त्या म्हणाल्या. युद्ध आले तेव्हा सरकारच्या ध्यानात आले की, ज्या आवाजाभोवती मुले रोज आपण होऊन गोळा होतात तो फार उपयोगाचा आहे. मग त्याच पेट्यांतून युद्धाच्या कथा निघू लागल्या. बचत करा, कमी खा, लढाईत पडलेल्या वीराच्या आईने रडू नये. शाळांतून, शेतांतून, कारखान्यांतून हे खेळ झाले. जपानी सैन्याने जिंकलेल्या जावासारख्या मुलखातही ते नेण्यात आले. ‘माझा मामा तसल्या कथा ऐकून टाळ्या वाजवीत असे, असे आई सांगे. तो परत आला नाही. कथा सांगणारा चांगला होता, एवढेच तिला आठवे. फार चांगला होता.’ युद्धात हरल्यावर अमेरिकन अधिकारी आले आणि त्यांनी चित्रांची तपासणी सुरू केली. त्यांनाही या लाकडी पेटीचे भय वाटलेच.

बाईंचा जन्म युद्ध संपल्यानंतरच्या वर्षीचा. क्योतोतील निशिजिन या विणकरांच्या वस्तीत त्या वाढल्या. दिवसभर घराघरांतून मागांचा खटखटाट चाले, आणि दुपार कलली की त्या खटखटाटातूनही ह्योशिगींचा आवाज मुलांच्या कानांना बरोबर ऐकू येई. पाच येन देऊन मिझुआमे घेणाऱ्या मुलांनी पुढे बसावयाचे आणि न घेणाऱ्यांनी मागे उभे राहावयाचे, असा दंडक होता. ‘माझ्याजवळ पुष्कळदा पैसे नसत. मी मागे, विजेच्या खांबाआड उभी राही. तो मनुष्य मला पाही आणि पाहिले नाही असे दाखवी. पण कथेत एखादी गरीब मुलगी आली की तिच्या बोलण्याच्या वेळी तो थेट माझ्याकडे बघून बोले.’

मग 1953 साल आले. 1 फेब्रुवारीला जपानात दूरचित्रवाणी सुरू झाली. घरोघरी यंत्र घेण्याची ऐपत कोणाची? रस्त्यांवर, चौकांत, दुकानांपुढे यंत्रे मांडली गेली आणि कुस्त्या पाहण्यासाठी त्यांच्यापुढे अलोट गर्दी लोटू लागली. लोकांनी या नव्या नवलाला नाव काय दिले असेल? ‘देन्की कामिशिबाई’, म्हणजे विजेचे कामिशिबाई! ज्याची जागा ते यंत्र घेणार होते, त्याच्याच नावाने त्याची ओळख झाली. निशिजिनमध्ये विजेच्या सामानाच्या दुकानात यंत्र आले तेव्हा बाई दहा-अकरा वर्षांच्या होत्या. सारी मुले दुकानाच्या काचेला नाक लावून उभी राहत. ‘एके दिवशी आम्ही तसेच उभे होतो आणि मागे ह्योशिगी वाजल्या. मी ऐकल्या. सगळ्यांनी ऐकल्या. कोणी वळून पाहिले नाही. तो पुष्कळ वेळ वाजवीत होता. मग थांबला. मी काचेत पाहिले तर पडद्यावरच्या चित्रावर त्याचे प्रतिबिंब पडले होते. सायकल हातात धरून चालला होता. मी तेव्हाही वळले नाही. त्यानंतर तो आमच्या वस्तीत आला नाही.’

साठ वर्षांपूर्वीची ही गोष्ट. पण बाई ती सांगत होत्या ती गुन्ह्याची कबुली द्यावी तशी.

त्या सायकलस्वारांचे पुढे काय झाले, हे मला ठाऊक होते; निदान चित्रकारांचे तरी. आदल्याच दिवशी मी क्योतोचे मांगा संग्रहालय पाहिले होते. मांगा म्हणजे जपानी चित्रकथा. शहरातील एका जुन्या प्राथमिक शाळेची इमारत घेऊन 2006 साली हे संग्रहालय उघडण्यात आले. शाळेच्या लाकडी जमिनी पावलांखाली अजून करकरतात. भिंतींवर पुस्तकेच पुस्तके. आणि आबालवृद्ध मंडळी जिन्यात, बाकांवर, बाहेरच्या हिरवळीवर पडून वाचीत होती. कोणी कोणाशी बोलत नव्हते. तेथेच मला मिझुकी शिगेरु यांचे चरित्र कळले. 1922 चा जन्म. युद्धात सैनिक म्हणून राबाउलला रवानगी. बॉम्बहल्ल्यात डावा हात गेला. परत आल्यावर कोबे शहरात या एका हाताने त्यांनी वर्षानुवर्षे कामिशिबाईची चित्रे रंगविली. ‘मिझुकी’ हे त्यांचे खरे आडनावसुद्धा नव्हे. ज्या इमारतीत ते राहत तिचे ते नाव. कितारो नावाच्या एका भूतबालकाची कथा त्यांनी तेथे रंगविली. तीही मूळची दुसऱ्याची, युद्धापूर्वीच्या कामिशिबाईतली. धंदा बुडू लागला तसे 1957 मध्ये ते टोकियोस गेले आणि पुस्तकांसाठी चित्रकथा काढू लागले. कितारो पुस्तकात गेला, मग साप्ताहिकात, आणि 1968 साली हलत्या-बोलत्या चित्रांच्या रूपाने दूरचित्रवाणीवर. मिझुकींच्या सागरकाठच्या गावी, साकाइमिनातो येथे, त्यांच्या भुताखेतांचे दीडशेहून अधिक ब्राँझचे पुतळे रस्त्याच्या दुतर्फा उभे आहेत. मी क्योतोत होतो तेव्हा ते हयात होते. त्याच महिन्याच्या 30 तारखेला ते वारल्याची बातमी मी मुंबईत वाचली.

या चित्रकथांचा विस्तार पुढे कल्पनेबाहेर झाला. 1990 नंतरच्या दशकात एका साप्ताहिकाच्या एकेका अंकाच्या 65 लाख प्रती छापल्या जाऊ लागल्या. आज तुमच्या घरातली धाकटी भावंडे जो दोरेमॉन हिंदीतून बोलताना पाहतात, तोही याच विस्तीर्ण कुटुंबातला. कथा तोडण्याची ती नेमकी जागा, उडणारा वीर, चित्रामागून चित्र, या साऱ्यांत त्या सायकलीवरचा पुष्कळ ऐवज शिल्लक आहे. खांबाआडच्या मुलीकडे बघून बोलणे मात्र कागदावर छापता आले नाही, आणि विजेवरही चालविता आले नाही.

‘तुमच्याकडे असे काही होते का?’ बाईंनी विचारले.

होते. किंबहुना ह्योशिगी ऐकल्यापासून माझ्या मनात दुसरे काही नव्हतेच. मी कुडाळजवळच्या एका खेड्यात वाढलो. पलीकडेच पिंगुळी गाव. तेथले ठाकर चित्रकथी कागदावर रंगविलेल्या चित्रांची पोथी घेऊन नवरात्रात देवळांतून रामायणाच्या कथा लावीत. एक म्हातारा चित्रकथी मला आठवतो. चित्र मांडीशी टेकून उभे करावयाचे, वीणा छेडावयाची, हुडूक आणि टाळ यांची साथ, आणि समईच्या उजेडात राम-लक्ष्मणांचे ते मोठमोठे डोळे आपल्याकडे बघत आहेत असे वाटावयाचे. मी दहा वर्षांचा असेन. त्या वर्षी गावात नुकताच पहिला दूरदर्शन-संच आला होता. राम वनात निघाला होता, सीता वल्कले कशी नेसावी हे न कळून उभी होती, आणि देवळाच्या दारातून कोणीतरी हळूच शीळ घातली : सिनेमा सुरू झाला! आम्ही पोरे एकेक करून उठलो. आजी माझा सदरा धरून पुटपुटली, ‘रे, रामाक वनात सोडून खंय चललंस?’ मी सदरा सोडवून घेतला. दारातून मागे पाहिले तेव्हा सभामंडपात चार-पाच म्हाताऱ्या उरल्या होत्या. चित्रकथ्याने हातातले चित्र खाली ठेवले होते. तो पुढचे चित्र उचलावयाला थोडा वेळ लावीत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो आमच्या पडवीत आला. आजीने त्याला तांदूळ घातले. मला पाहून तो हसला आणि म्हणाला, ‘झिला, कथा अर्धीच रवली मा?’ मी म्हणालो, ‘माझी परीक्षा आसा. अभ्यास करूचो होतो.’ ‘बरां, बरां,’ तो म्हणाला, ‘अभ्यास करूक होयो.’ त्याला खरे ठाऊक होते. सिनेमाचा आवाज साऱ्या वाडीत घुमत होता. 2021 साली पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांना या कलेसाठी पद्मश्री मिळाली, तेव्हा वृत्तपत्रातील छायाचित्र मी कितीतरी वेळ पाहत बसलो होतो. परंतु ते फार पुढचे. त्या दिवशी तोजीच्या पायरीवर मी ही गोष्ट आयुष्यात प्रथमच कोणाला तरी सांगितली. बाईंनी काही सांत्वन केले नाही. त्यांनी पिशवीतून एक संत्रे काढले, सोलले आणि अर्धे मला दिले.

तीनला पाच मिनिटे कमी असताना ह्योशिगी वाजल्या. या वेळी आम्ही दोघेही सर्वांच्या आधी पोहोचलो आणि मिझुआमे विकत घेऊन, मुलांच्या मागे का होईना, पण हक्काने बसलो. सकाळची ती लहान मुलगी आली होती. आता ती भावाच्या पुढे बसली होती. मुलगा कड्यावरून खाली उतरला. लाटांत दिसले होते ते बापाच्या होडीचे शीड. त्याने मशाल उंच धरली. होडी वळली, खडकाच्या अगदी जवळ आली, एक प्रचंड लाट उठली... आणि टक्! दारे बंद. ‘पुढची कथा पुढच्या महिन्याच्या 21 तारखेला!’

मुले ओरडली. मीही ओरडलो असेन, कारण त्या गृहस्थाचे माझ्याकडे लक्ष गेले. तो जवळ आला आणि बाईंमार्फत त्याने मला विचारले, मी कोठला, आणि पुढच्या महिन्यात येणार ना?

‘येईन’ असे म्हणणे फार सोपे होते. मी म्हणालो, ‘नाही. मी उद्या माझ्या देशी परत जाणार.’

त्याने मान डोलविली. मुले आता पांगली होती. तो पेटीकडे गेला, त्याने चौकटीची दारे वीतभर उघडली, लाटेचे चित्र बाजूला ओढले आणि त्यामागचे चित्र, केवळ मला दिसेल अशा बेताने, क्षणभर दाखविले. एक शब्दही तो बोलला नाही. मग चित्र परत सरकविले, दारे लावली आणि सायकलीला टाच मारून तो गर्दीत दिसेनासा झाला.

त्या चित्रात काय होते, हे बाईंनी स्टेशनापर्यंतच्या वाटेत मला तीनदा विचारले.